कर्नलसाहेबांचा चिरा

१७ मार्च, सोमवार. पोशेरा.

ही वही नातीनं, रविनानं, नाशिकहून धाडली. ती तिथं नर्सिंग शिकते. सोबत चिठ्ठी: "आजा, रोजचं लिहीत जा. कुणाला दाखवू नको, तुझं तुला." मी शाळेत दुसरीपर्यंतच गेलो. बाकीची अक्षरं दगडावर मेलेल्या माणसांची नावं कोरता कोरता शिकलो. पुढं गावाची पत्रं लिहून द्यायला लागलो. त्यामुळं मला पत्राखेरीज दुसरं लिहिणं येत नाही, आणि पत्र म्हटलं की आधी सगळ्यांची खुशाली.

तर रविना, तू बरी असशील. वेळेवर जेवतेस ना? सुके, तुझा गुडघा कसा आहे? (सुकी माझी बायको. सकाळी हेच तोंडानं विचारलं तर म्हणाली, "विचारून बरा होतो तर मग रोज विचार.") शेजारच्या सकूवहिनी, खोकला गेला का? म्हशीबाई, तुझं शिंग दुखायचं थांबलं का? आणि माझ्या उजव्या हाता, तू कसा आहेस? ह्याचं उत्तर तेवढं लिहीत नाही. चहा घेताना कपबशी वाजते हल्ली.

खुशाली झाली. आता बातमी. जव्हारहून पुष्पलताबाई आल्या होत्या. रिटायर शिक्षिका, माहेर जामसर. त्यांचे थोरले भाऊ कर्नल हेमंत फेब्रुवारीत जयपूरला वारले. घोडदळात होते, खऱ्या घोड्यांच्या. लग्न केलं नव्हतं. अग्नीही तिकडंच दिला.

बाई म्हणाल्या, "ढवळूदादा, त्याचा चिरा तुम्ही करा. आखातीला, अक्षय्य तृतीयेला, बसवू."

आमच्यात माणूस गेला की त्याच्या नावानं दगड कोरतात. वर चंद्र-सूर्य, खाली घोड्यावर वीर, वीराच्या हातात तलवार. माणूस जन्मभर बैलगाडीतच बसलेला असो, गेल्यावर घोड्यावर बसवायचा. दगड घराण्याच्या चिऱ्यांच्या रांगेत उभा राहिला, शेंदूर लागला, की माणूस घरी आला. परमुलखात मेलेल्याला तर घरी यायला दुसरी वाटच नाही.

मी आजवर एकशे चाळीसच्या वर चिरे कोरले. त्यांतला एकही माणूस जिवंतपणी घोड्यावर बसलेला नव्हता. आता खरा स्वार आला. बाई गेल्यावर मी बराच वेळ नुसता दगडांच्या ढिगाकडं बघत बसलो.

बाईंना एक सांगायचं राहिलं. कर्नलसाहेबांना मी एकदा आउट केलेलं आहे.

१८ मार्च

ते लिहूनच ठेवतो.

सन १९८०, शिमगा होऊन आठवडा झाला होता. जामसरला भात काढलेल्या वावरात सामना, जामसर विरुद्ध पोशेरा. हेमंतदादा नवा नवा लेफ्टनंट, सुटीवर आलेला. बॅट आणि लाल कातडी चेंडू त्यानंच आणले होते. अंपायर त्याचा चुलतभाऊ पंढरी, कारण मनगटी घड्याळ त्याच्या एकट्याकडं होतं.

मी वीस वर्षांचा. बारा दिवसांपूर्वी माझा बाप गेला होता. चिरे कोरायचं काम बापाचं, म्हणून सगळे म्हणत होते, आता त्याचा चिरा तूच कोर. मी टाकी धरली की हात लटलट कापायचा. तीन दिवसांत अंगठा दोनदा ठेचला. मित्रांनी अकरावा गडी कमी म्हणून ओढून नेलं, तर मी पाण्याच्या मडक्याजवळ जाऊन बसलो.

दादा चाळिसाच्या पुढं खेळत होता. आमचे सगळे दमले, तेव्हा चेंडू माझ्या हातात दिला. पहिले दोन इतके लांब गेले की कडेचे लोक ओरडले, "अरं, बॅटवाला इकडं हाय, तिकडं तुझी म्हैस हाय!" तिसरा कसा कोण जाणे सरळ पडला आणि बॅटीजवळून किपरच्या हातात गेला. मला काही ऐकू आलं नाही. कुणालाच आलं नसावं, कारण कुणी ओरडलं नाही. किपर चेंडू परत फेकायला निघाला होता.

आणि हेमंतदादानं बॅट काखेत मारली आणि चालू लागला.

पंढरी ओरडला, "ए, कुठं चाललास? मी आउट दिला नाय!"

दादा म्हणाला, "लागला. ज्याच्या हातात बॅट त्याला कळतं."

माझ्याजवळ थांबला. खांद्यावर हात ठेवला. म्हणाला, "हात चांगला हाय तुझा. कापू देऊ नको."

एवढ्या माणसांत कुणाला न कळलेलं आपल्याविरुद्धचं खरं असं उघड सांगायचं! मला अजून त्याचं नवल वाटतं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी टाकी धरली. हात कापला नाही. बापाचा घोडा त्या दिवशी उतरला दगडावर.

२१ मार्च, शुक्रवार

जव्हारला बाईंकडं जाऊन आलो. पत्र्याची काळी ट्रंक जयपूरहून आलेली. बाईंनी एकेक वस्तू काढली आणि मी तोंड उघडं टाकून बघत राहिलो.

एक फोटो होता. घोडा चौखूर सुटलेला. साहेब एका अंगाला इतके झुकलेले की डोकं घोड्याच्या पोटाशी, हातात लांब भाला, भाल्याच्या टोकाला लाकडाची चपटी मेख. बाई म्हणाल्या, "जमिनीत ठोकलेली मेख पळत्या घोड्यावरून उपटायची. वीतभर मेख, ढवळूदादा. तीही दादा तिरपी उपटायचा, दोन तुकडे न होता." मी जागच्या जागी बसून वीतभर मेखेवर हातोडा मारतो तर तीन वेळा चुकतो.

मग बाई बोलत राहिल्या. लहानपणी वडिलांनी शिरपामाळला नेलं, शिवाजी महाराजांचा मुक्काम झाला ती जागा दाखवायला. सगळी मुलं दरी बघत होती आणि हा विचारत होता, महाराजांचा घोडा कुठं बांधला होता? वडील मास्तर, त्यांनाही सांगता येईना. तेव्हापासून डोक्यात घोडा. पुढं शबनम नावाची घोडी मिळाली. तिच्यासकट एकदा पडले, उजवा खांदा मोडला, हात डोक्यावर जाईना. लोक म्हणाले, क्रिकेट संपलं. साहेब डावखुरे फलंदाज. म्हणाले, फटका खालून मारीन. वीस वर्षं खालून मारले. पलटणीच्या संघात त्यांच्या झाडू मारल्यासारख्या आडव्या फटक्याला नाव होतं म्हणे.

घोडी म्हातारी झाल्यावर रोज तिच्याकडं गूळ घेऊन जायचे. ती गेली त्या दिवशी मेसमध्ये जेवायला गेले नाहीत. तिचा एक नाल ट्रंकेत होता, फडक्यात गुंडाळलेला.

शेवटी बॅट निघाली. मी ओळखली! दांड्यावर शाईनं तारीख, खाली "जामसर". बाई म्हणाल्या, "ही एकाच सामन्यात वापरली. मग घरी खुंटीला टांगून गेला. दर सुटीला उतरवायचा, पुसायचा, परत टांगायचा. शेवटच्या खेपेला सोबत नेली."

मी बॅट उजेडात धरली. मधोमध लाल गोल खुणा, कुंकवाच्या बोटांएवढ्या. कड मात्र स्वच्छ. माझ्या चेंडूची खूण तिथं असायला हवी होती. पुसली गेली असेल, पंचेचाळीस वर्षं काय थोडी झाली?

तेव्हा मी बाईंना सांगितलं की तो चेंडू माझा.

बाईंनी बॅट माझ्या हातातून घेतली. "तो गोलंदाज तुम्ही होय?" मग म्हणाल्या, "सामना सुरू व्हायच्या आधी दादानं पंढरीला विचारलं होतं, मडक्याजवळ एकटा बसलाय तो पोरगा कोण. मी पाणी भरत होते तिथंच." म्हणजे मी चेंडू टाकायच्या आधीच साहेबांनी मला हेरलं होतं! काय ती नजर! उगाच का मेख उपटायचे. बाई चहा टाकायला आत गेल्या आणि फार वेळ लावला. आल्या तेव्हा डोळे लाल. घरात गॅस आहे, धूर नाही, पण वय झालं की असं होतं.

चहा पिताना म्हणाल्या, "दवाखान्यातून फोनवर बोलला होता. पुष्पे, चिऱ्यावर तलवार नको. तलवार मी परेडला काढली, कुणावर चालवली नाय. बॅट दे माझ्या हातात."

मी "देऊ" म्हणून बसलो. असा चिरा ह्या मुलखात कुणी कोरलेला नाही.

नाल मापाला म्हणून घेऊन आलो.

२२ मार्च

मोठा घोटाळा झाला आहे. सकाळी नाल दगडावर ठेवून कोळशानं रेघ मारली आणि बघतच राहिलो. घोड्याचा खूर एकसंध! मधे चीर नाही. मी आजवर एकशे चाळीस घोड्यांना चिरलेले खूर दिलेत, बैलाचे. बापाचे बघून मी शिकलो, त्याच्या बापाचे बघून तो. आमच्या घरात घोड्याला हात लावलेला माणूसच नाही. गोठ्यात बघायचं आणि कोरायचं.

तसाच उठून गावाबाहेरच्या चिऱ्यांकडं गेलो. एकेकाचे पाय बघितले. सगळे बैल. माझा बापही बैलाच्या पायाच्या घोड्यावर बसलेला.

घरी येऊन सुकीला सांगितलं. ती मोहाची फुलं निवडत होती. हसून हसून टोपली लवंडली. "म्हणून तर! एवढ्या वर्षांत एक वीर कुठं पळाला नाय. सगळे नांगराला जुंपलेस तू."

मी म्हटलं, "हसू नको, पाप झालं."

"कसलं पाप? ह्या डोंगरात घोडा टिकला असता का? बैलच पायजे." मग जरा थांबून म्हणाली, "माझा कोरशील तेव्हा चप्पल घाल मला. दगडं टोचतात."

भगताला विचारलं, सगळे खूर बुजवू का? तो म्हणाला, "ज्यांना जायचं होतं ते त्याच पायांनी पोचले. नको हात लावू." पण हा चिरा तरी चुकता कामा नये. ज्यानं घोड्यावर जन्म काढला, त्याला मी बैलावर घरी आणू?

६ एप्रिल, रविवार

घोड्याला हात लावला!

जव्हारला लग्नाची वरात होती. घोडीवाला बाळ्या, ठाण्याकडून घोडी घेऊन येतो. म्हटलं, बाबा, जरा पाय बघू दे. तो म्हणाला, "चाचा, फोटो काढायचा का बसायचं?" मी म्हटलं, दोन्ही नको, पाय बघायचेत. त्याला वाटलं मी गुरांचा डॉक्टर. "लंगडत नाय हो," म्हणून लागला शपथा घ्यायला.

मग त्यानं तिचा पाय वाकवून हातात धरला आणि मला खूर दाखवला. खाली वाटीसारखा, कडेनं नाल. मागच्या पायाचा सांधा मागं वळतो, आमच्या चिऱ्यांवर तो खांबासारखा सरळ आहे. मानेला हात लावला. कातडीखाली काहीतरी सळसळलं, जसा वाऱ्यानं नाचणीचा पट्टा हलावा. नाकातून ऊन वारा माझ्या तळहातावर. एवढं जनावर, मनात आणलं तर मला भिंतीला चिकटवील, आणि ते डोळा वाकडा करून माझ्याकडं बघतंय, हा म्हातारा रडतो का म्हणून.

असल्या जनावराला धावतं ठेवून, अंगाखाली लोंबकळून, वीतभर मेख उपटायची. मी वरात संपेपर्यंत तिथंच उभा होतो.

१० एप्रिल

अडचण आली. पंढरीदादा आले जामसरहून, काठी टेकत. आता घराण्यात तेच वडीलधारे. चिरा रांगेत बसवू द्यायचा की नाही हे त्यांच्या हातात. त्यांनी कोळशाचं चित्र बघितलं आणि कपाळाला आठ्या.

"हे काय धोपाटणं दिलंस हातात?"

"बॅट हाय. साहेबांनी स्वतः सांगितलंय."

"तो सांगंल. जन्मभर बाहेर राहिला. आमच्या आजे-पणज्यांच्या हातात तलवारी, आणि मधे हा फळी घेऊन? चिऱ्यातल्या वीरानं शेत राखायचं असतं, हा फळीनं राखणार? लोक हसतील, ढवळू. तलवार कोर, नाय तर रांगेत जागा नाय."

तलवार कोरली तर साहेबांचा शब्द मोडतो. बॅट कोरली तर साहेब रांगेबाहेर, बाभळीखाली, घर समोर दिसत असून. त्यांच्या माघारी वाद घालायलाही मी कोण? पण बोललो.

म्हटलं, "पंढरीदादा, तुम्ही अंपायर होता. तुम्ही नाबाद दिलं होतं. सगळ्या वावरात एकाला कळलं नाय, आणि त्या माणसानं ह्याच बॅटीचं नाव घेऊन स्वतःला आउट दिलं. तुमच्या आजोबांच्या तलवारीनं एवढं खरं केलं असंल का? मी त्या दिवशी हातात टाकी धरू शकत नव्हतो. त्या एका विकेटवर मी पंचेचाळीस वर्षं दगड कोरतोय."

पंढरीदादा चिडून म्हणाले, "अरं कसला आउट, तो चेंडू तर—"

माझ्या तोंडाकडं बघितलं. मग माझ्या हातांकडं. मग अंगणात उभ्या अर्धवट दगडांकडं.

"तर काय?" मी विचारलं.

"तर... चांगला होता," म्हणाले. "पाणी दे."

सुकीनं पाणी दिलं. पिऊन तांब्या खाली ठेवला, मिशा पुसल्या. "हेमंत असलाच होता. लहानपणापासून. बॅट कोर. जागा माझ्या बाच्या शेजारी. कोण हसतंय ते मी बघतो."

जाताना पायरीवर थांबून म्हणाले, "अंपायर मी चांगलाच होतो बरं का." भांडण मिटलं की म्हातारे असे बढाया मारतात.

१५ एप्रिल

चंद्र, सूर्य, घोड्याची मान झाली. खूर चारही गोल. एका खुरापाशी सुकी येऊन बसली, बोट फिरवलं, म्हणाली, "हा पळंल."

२१ एप्रिल

आज बॅट कोरायला घेतली आणि हात कापू लागला. टाकी घसरली, दांड्याचा कपचा उडाला. दगडाला गेलेलं परत येत नाही. आखाती नऊ दिवसांवर. दुसरा दगड घेऊन होणार नाही. भीती वाटली की हा माझा शेवटचा चिरा आणि तोच बिघडवला.

सुकी म्हणाली, उद्या कर. मी म्हटलं, उद्याचा हात आजच्यापेक्षा म्हातारा. तिनं आपला हात माझ्या उजव्या खांद्यावर ठेवला, गुडघा दुखत होता तरी उभीच राहिली. मी मनात म्हटलं, कापू देऊ नको. दांडा थोडा बारीक करून घेतला. आता बॅट खालच्या अंगाला झुकली, मेख उपटायला भाला झुकतो तशी. त्यांचा मोडका खांदा वर जात नव्हताच. हे माझ्या डोक्यातून आलेलं नाही एवढं मला कळतं.

२७ एप्रिल

संपला. शेवटी कडेला, चेंडू लागला तिथं, छिन्नीच्या टोकानं जोंधळ्याएवढा खळगा केला. बॅटीवरची खूण पुसली गेली, दगडावरची राहील.

३० एप्रिल, बुधवार. आखाती.

पिकअपमधून चिरा जामसरला नेला, खाली पेंढा घालून. अख्खं गाव आलं होतं. भगतानं मंत्र म्हटले, नारळ फुटला, चिरा पंढरीदादांच्या वडिलांच्या शेजारी उभा राहिला. रांगेत सगळे चिरलेल्या खुरांचे, आणि मधे हा एक खरा घोडा, मान वाकवून, बॅट खाली झुकवलेला स्वार. कुणी हसलं नाही. बायका पुढं होऊन खुरांना हात लावत होत्या.

शेंदूर लावायचा मान बहिणीचा. पुष्पलताबाईंनी घोड्याला लावला, स्वाराला लावला. मी म्हटलं, "बाई, कडेला खूण हाय बघा. तिथं पण." त्यांनी वाकून बघितलं. बोट त्या खळग्यावर नेलं आणि तसंच ठेवलं.

मी विचारलं, "जागा बरोबर हाय ना? तुम्ही होता तिथं."

बाईंनी पंढरीदादांकडं बघितलं. पंढरीदादा आभाळाकडं बघत होते, ढग एकही नव्हता. बाईंनी खळग्यात शेंदूर भरला. लालभडक ठिपका उठून दिसला.

"बरोबर आहे," म्हणाल्या. "तिथंच लागला होता."

संध्याकाळ

कर्नलसाहेबांस,

पोशेऱ्याहून ढवळूचा रामराम. घरी पोचलात, खुशाल असाल. खांदा आता वर जातो का? शबनमची तब्येत कशी आहे? तिला आता गूळ कोण देतो, तुम्हीच ना? मास्तरांना आणि माझ्या बापाला रामराम सांगा. माझ्या बापाला हेही सांगा की खुरांचं चुकलं ते आमच्या अडाणीपणामुळं, त्यानं बैलासारखं सावकाश चालावं, घाई नाही.

इकडं सुकीचा गुडघा तसाच आहे. बाई धीराच्या आहेत. पंढरीदादांनी आज जेवताना मला आपल्या शेजारी बसवलं आणि दोनदा वाढायला लावलं, कधी नव्हे ते.

एक विचारायचं राहिलं. जिवंतपणी धीर झाला नाही आणि आज चिऱ्यापाशी माणसं फार होती. तो चेंडू लागला तेव्हा तुम्हाला आवाज आला होता का? मला आला नव्हता. आज बाईंचं बोट तिथं थांबलं तेव्हापासून हे मनातून जात नाही. तुमचे कान घोड्यावरचे, तिखट. तुम्हाला आला असेल.

आला नसेल तरी चालेल. हात कापला नाही, एवढं खरं.

स्वप्नात का होईना, दोन ओळी लवकर धाडा.

तुमचा गोलंदाज,
ढवळू